कान कापलेला वीर

ज्याचे सारे बळ कानांत आहे अशा वीराची गोष्ट मी सातवीच्या वर्गात सांगितली, तेव्हा मुले आधी पोट धरधरून हसली. अस्वलिणीच्या पोटी जन्मलेला, माणसाच्या डोक्यावर अस्वलाचे कान मिरवणारा आणि अस्वलाचाच जबडा नुसत्या हातांनी फाडणारा, हा कसला वीर! पण कांगार्स नावाचा घरभेदी ते गुपित शत्रूला कळवतो, काळा सरदार झुंजीत त्याचे कान छाटतो, आणि दोघेही एकमेकांना मिठी मारून दाउगावा नदीत कोसळतात, तिथवर आल्यावर हसू थांबले. मागच्या बाकावरची एक मुलगी म्हणाली, "बाई, म्हणजे तो जिंकलाच नाही?"

नाहीच जिंकला. आणि तरीही बाल्टिक समुद्राकाठच्या लाट्विया या लहानशा देशाने आपला राष्ट्रवीर म्हणून त्यालाच निवडले. का, ते मला त्या दिवशी नीट सांगता आले नाही. आंद्रेइस पुम्पुर्सचे 'लाचप्लेसिस' हे १८८८ सालचे काव्य आणि त्यावरून रायनिसने लिहिलेले 'आग आणि रात्र' हे १९०५ सालचे नाटक मी पुन्हा हाती घेतले, ते या प्रश्नापायी. वाचले अर्थात इंग्रजी भाषांतरातून. आणि माझे शिक्षण मॅट्रिकपर्यंतचे, तेव्हा शब्दकोश मांडीवर होता हे कबूल करते.

त्या काळी लाट्विया नावाचे राज्यच नव्हते. मुलूख रशियाच्या झारचा, जमीन जर्मन जमीनदारांची आणि कष्ट लाट्वियन कुळांचे, अशी तिहेरी व्यवस्था. शाळांतही पुढे रशियन भाषा आली. शेतकऱ्याच्या पोराने शिकावे आणि शिकून जर्मन किंवा रशियन व्हावे, हाच मोठे होण्याचा मार्ग समजला जाई. अशा लोकांनी 'आम्हीही एक राष्ट्र आहोत' असे म्हणायचे, तर दाखवायचे काय? राजे नव्हते, बखरी नव्हत्या.

होती ती गाणी. चार-चार ओळींची, बायाबापड्यांच्या तोंडची. 'डाइना' म्हणतात त्यांना. आपल्या जात्यावरच्या ओव्यांची आठवण झाल्यावाचून राहत नाही. क्रिश्यानिस बारोन्स नावाच्या गृहस्थाने मॉस्कोत शिकवण्या करता करता ही गाणी चिठोऱ्यांवर उतरवून घेतली, आणि ती ठेवण्यासाठी १८८० साली सत्तर खणांचे एक कपाट करवून घेतले. १८९४ पासून १९१५ पर्यंत त्यांचे खंड निघत राहिले. पाठभेदांसह सुमारे २ लाख १८ हजार गाणी. गमतीची गोष्ट अशी, की नंतरचे खंड छापले ते झारच्याच पीटर्सबर्ग येथील अकादमीने! आपल्याच छापखान्यात आपण काय छापतो आहोत, हे त्या विद्वानांना उमगले असेल काय?

पण या गाण्यांत वीर जवळजवळ नाहीतच. सूर्य आहे, जवाची शेते आहेत, लग्ने आहेत, पोरक्या पोरी आहेत. पुम्पुर्सला हीच उणीव खुपली असावी. तो सैन्यातला अधिकारी. सर्बियाच्या लढ्यात स्वयंसेवक म्हणून गेलेला. त्याने दंतकथांचे तुकडे घेतले, पुष्कळसे पदरचे घातले, आणि तेराव्या शतकात जर्मन धर्मयोद्धे चालून आले त्या काळात आपला वीर उभा केला. काव्य म्हणून ते मला ठिकठिकाणी सैल वाटते. देवसभा तर उसनी वाटते. मात्र पराभव त्याने लपवला नाही. हे त्याचे मोठेपण.

रायनिसने हाच पराभव उचलला आणि त्याचा अर्थ पालटला. त्याच्या नाटकात मल्ल लाचप्लेसिस आहे, पण डोके स्पीडोलेचे आहे. काव्यातली ती चेटकीण. इथे ती अंधाराच्या पक्षातून निघते आणि वीराला सतत डिवचते: तू बलवान आहेस, पण आहेस तसाच राहिलास तर बुडशील, बदल! स्पीडोलेत रायनिसची पत्नी अस्पाझिया दिसते असे म्हणतात. ते खरे मानायला हरकत नाही. नवऱ्याआधीच नाटककार म्हणून गाजलेली आणि बायकांच्या हक्कांसाठी भांडलेली बाई होती ती.

उलट लाइम्डोटा ही देशाची प्रतिमा म्हणून रेखाटली आहे, आणि प्रतिमेपलीकडे ती जातच नाही. सोडवून घेण्यासाठीच जणू तिचा जन्म. रायनिससारख्या लेखकाचाही हात इथे आखडावा याचे मला वाईट वाटले. त्याहून वाईट याचे, की माझ्या दोन ऐतिहासिक कादंबऱ्यांतल्या नायिका मला लाइम्डोटेच्याच सख्ख्या बहिणी दिसल्या. गडावर दिवा लावून बसलेल्या. माझे वीर तर शेवटच्या पानावर न चुकता जिंकतात.

१९०५ च्या जानेवारीत रीगा शहरात दाउगावेच्या काठी सैन्याने मोर्चावर गोळ्या झाडल्या. सत्तरांहून अधिक माणसे गेली. वर्षाअखेर बंड चिरडले गेले आणि हे पतिपत्नी स्वित्झर्लंडमध्ये पळाले, ते १९२० पर्यंत तिकडेच. १९११ साली नाटक रीगात रंगभूमीवर आले तेव्हा नाटककार परदेशात होता. आपलीच नदी, आणि तीत पडणारा आपलाच माणूस, हे पाहताना प्रेक्षकांना सहा वर्षांपूर्वीचा तो काठ आठवला नसेल असे मला वाटत नाही. शिवाय झुंज संपली असे मानायला स्पीडोला तयारच नाही.

१८ नोव्हेंबर १९१८ रोजी स्वातंत्र्याची घोषणा झाली तीही रीगातल्या एका नाट्यगृहात. पुढल्या वर्षी ११ नोव्हेंबरला शत्रूला शहरापासून मागे हटवले, तो दिवस लाचप्लेसिसच्या नावाने पाळतात. शौर्यपदकही त्याच्याच नावाचे. स्पीडोलेच्या नावाचे पदक कुणाला सुचले नाही. १९२९ साली रायनिस वारला. १९३४ साली उल्मानिस या पंतप्रधानाने संसद गुंडाळून सारी सत्ता स्वतःकडे घेतली. १९४० साली सोव्हिएत फौजा आल्या, आणि देश पुन्हा स्वतंत्र व्हायला १९९१ उजाडले. बळाची पूजा करणाऱ्यांनी नाटक अर्धेच ऐकले होते, असे मी म्हटले तर रसिकांनी रागावू नये.

ज्यांना हे वाचायचे असेल त्यांनी काव्यापासून सुरुवात करू नये, कंटाळा येईल. आधी दहावीस डाइना वाचाव्यात, मग नाटक. नाटकातले लाइम्डोटेचे प्रवेश भरभर उलटले तरी चालतील. स्पीडोलेचे मात्र मोठ्याने वाचावेत. मी ते दिवाळीच्या सुटीनंतर वर्गात वाचणार आहे, आणि त्या मागच्या बाकावरच्या मुलीला पुढे बोलावणार आहे.