उलट्या काळाचे मास्तर

भविष्य जाणणाऱ्या माणसांविषयी मला लहानपणापासून आदर आहे आणि थोडी शंकाही. आमच्या शेजारी एक ज्योतिषीबुवा राहत. अख्ख्या आळीची साडेसाती त्यांना तोंडपाठ. पण स्वतः मात्र छत्री न घेता बाहेर पडायचे आणि चिंब भिजून परत यायचे. परवा त्यांचाच एक भाऊबंद मला इंग्रजी पुस्तकात भेटला. नाव मर्लिन.

त्याला कागदावर उभा करणारा टी. एच. व्हाइट जन्माने चक्क मुंबईकर! १९०६ साली मुंबईत जन्मला, वडील पोलीसखात्यात. पुढे इंग्लंडात स्टो इथल्या शाळेत मास्तर झाला, १९३६ साली मास्तरकी सोडली आणि जवळच्याच रानात रखवालदाराच्या झोपडीवजा घरात राहायला गेला. १९३८ साली त्याचं ‘द सोर्ड इन द स्टोन’ निघालं. त्याला पुढचे भाग जोडून १९५८ साली ‘द वन्स अँड फ्यूचर किंग’ हे जाडजूड पुस्तक झालं. मास्तरकी सोडलेल्या माणसाने जगातला सर्वांत विसरभोळा मास्तर लिहावा, हे मला अगदी पटलं. मीही निवृत्त मास्तरच; विषय गणित.

तर हा मर्लिन काळाच्या चुकीच्या टोकाला जन्मला. आपण कालकडून उद्याकडे जातो, हा उद्याकडून कालकडे येतो. त्यामुळे त्याला उद्याचं आठवतं आणि कालचं ठाऊक नसतं. त्याचा विद्यार्थी म्हणजे सर एक्टरच्या गढीत वाढणारं एक परकं पोर. सगळे त्याला ‘वॉर्ट’ म्हणतात, म्हणजे चामखीळ! हीच चामखीळ पुढे आर्थर राजा होणार, हे मर्लिनला माहीत आहे, पोराला नाही.

इथे माझ्यातला गणिताचा मास्तर जागा झाला. उलटं जगणाऱ्याने आधी ‘येतो हं’ म्हणायला हवं आणि मग ‘या, बसा’. उत्तर आधी, प्रश्न मागाहून (आमच्या वर्गातली गाइडवाली मुलं हेच करीत). चहाही पोटातून कपात आणि कपातून किटलीत परत जायला हवा. ‘तेवढीच साखर वाचेल,’ असं आमच्या हिचं मत पडलं. व्हाइट यातल्या कशाचाच हिशेब देत नाही. मर्लिनच्या घरात कपबश्या आपल्या आपण धुतल्या जातात, ते मी विनातक्रार मान्य केलं. आमची मोलकरीण दोन दिवस आली नव्हती. पण काळाचं हे गणित? रीत लिहिलेली नाही. दहापैकी चार.

आणि मग पहिल्या भेटीचा प्रसंग आला. मर्लिन मध्येच विचारतो, हे मी तुला आधी सांगितलंय का? पोर म्हणतं, छे, आपल्याला भेटून अर्धा तासच तर झाला. ते ऐकून म्हाताऱ्याच्या डोळ्यांतून एक मोठा थेंब नाकाच्या शेंड्यापर्यंत घरंगळतो. आधी मला कळेचना, यात रडण्यासारखं काय? मग ट्यूब पेटली. पोराची ही पहिली भेट आहे आणि म्हाताऱ्याची शेवटची. एक जण ओळख करून घेतोय, दुसरा निरोप. मी निमूटपणे चाराचे नऊ केले.

दहावा मार्क मात्र अडला. मर्लिन पोराला मासा करतो, ससाणा करतो, मुंगी करतो, रानहंस करतो. राज्य कसं करू नये, हे प्राण्यांकडून शिकवण्याची त्याची ही रीत. राजा झाल्यावर त्याला पुढचंही सांगतो. निमू नावाची मुलगी आपल्याला कोंडून ठेवणार, तेसुद्धा! सांगायची राहते एकच गोष्ट : आर्थरच्या आईचं नाव. ते ठाऊक नसल्यामुळे आर्थर स्वतःच्या सावत्र बहिणीला, मॉर्गॉजला, ओळखत नाही. त्यातून मॉर्ड्रेड जन्मतो आणि पुढे सगळं राज्य बुडवतो. मर्लिनला आठवतं, पण फार उशिरा.

ही लेखकाची सोय, असं मी समासात लिहून ठेवलं. म्हातारा विसरला नाही तर गोष्ट पुढे सरकणार कशी?

त्याच आठवड्यात माझा एक जुना विद्यार्थी भेटायला आला. वर्गातला सर्वांत हुशार मुलगा. हा पुढे चमकणार, हे मी जूनमध्येच ओळखलं होतं आणि तो चमकलाही. चहा पिता पिता हसत म्हणाला, ‘‘सर, सगळं शिकवलंत. फक्त ‘छान’ असं एकदाही म्हणाला नाहीत. दोन वर्षं वाट पाहिली.’’

मी म्हटलं, ‘‘अरे, ते गृहीतच होतं!’’

‘‘गृहीत भूमितीत चालतं, सर.’’

तो गेल्यावर मी पुस्तक पुन्हा उघडलं आणि पहिल्या भेटीचं पान काढलं. ‘आधी सांगितलंय का?’ हा प्रश्न तिथेच होता. ज्याला सगळं ठाऊक असतं, त्याला काय सांगून झालं आणि काय राहिलं याचाच पत्ता नसतो. व्हाइटने विसरण्याचं बी पहिल्याच दिवशी पेरलं होतं. मी त्या थेंबाकडे बघताना तो प्रश्नच विसरलो होतो. समासातलं वाक्य खोडलं. दहापैकी दहा.

परवा तो मुलगा पुन्हा आला. दार उघडल्या उघडल्या मी म्हटलं, ‘‘छान!’’

‘‘कशाबद्दल, सर?’’ तो गोंधळला.

म्हटलं, ‘‘बस आधी. मागची बाकी आहे.’’