सनसनाटी आणि कार्यकारणभाव : ‘अधांतर’ ते ‘लालबाग परळ’

नागरी समस्येवरील चित्रपटात हिंसा वा कामव्यवहार दिसतो, एवढ्यावरून तो सनसनाटी ठरत नाही. दृश्याचे त्याच्या कारणाशी असलेले नाते तुटते, तेव्हा तो सनसनाटी होतो. नोव्हेंबर 1918 मध्ये जर्मनीतील सेन्सॉरशिप उठताच लोकशिक्षणाच्या नावाखाली वेश्याव्यवसाय, गुप्तरोग अशा विषयांवरील चित्रपटांची लाट आली. रिखार्ड ओस्वाल्डचा ‘आंडर्स आल्स डी आंडर्न’ (1919) याच लाटेतला. परंतु समलिंगी संबंधांना गुन्हा ठरविणारे कलम 175 हेच नायकाच्या नाशाचे मूळ आहे, हे तो दाखवितो. मे 1920च्या सेन्सॉर कायद्याने मात्र हा भेद जाणला नाही.

गिरणगावाच्या चित्रणात हाच प्रश्न उभा राहतो. 18 जानेवारी 1982 रोजी सुरू झालेल्या संपात सुमारे अडीच लाख कामगार उतरले आणि काळाचौकी-लालबाग-परळचे जीवन मुळापासून उखडले गेले. जयंत पवार यांचे ‘अधांतर’ (1997) ही पडझड चाळीतल्या एका खोलीत कोंडते. नरूची गुंडगिरी तेथे घरातल्या माणसांच्या ताणांतून जाणवते. ती उपासमारीपासून वेगळी काढता येत नाही.

महेश मांजरेकर यांचा ‘लालबाग परळ’ (2010) खोलीबाहेर पडतो. हे माध्यमाला धरूनच आहे. गिरणीमालकाला पडद्यावर आणून तो कारण सांगण्याचाही प्रयत्न करतो. पण त्यामुळे कारण व्यक्तिरूप होते. गिरण्यांच्या जमिनी विक्रीस खुल्या करणारी 1991ची विकास नियंत्रण नियमावली हे एका खलनायकाचे कारस्थान नव्हते. ती राज्यसंस्थेने घडविलेली प्रक्रिया होती. प्रक्रियेच्या जागी खलनायक आला की दुसऱ्या टोकाला केवळ पिस्तूल उरते.

पवारांच्याच कथेवरील मांजरेकरांच्या 2022 मधील चित्रपटाच्या झलकीवर राष्ट्रीय महिला आयोगाने आक्षेप घेतला, तो लैंगिक दृश्यांवर होता आणि त्यात अल्पवयीनांचाही संदर्भ होता. मुलांच्या संरक्षणाची ती चिंता रास्तच होती. तथापि, ही मुले गुन्ह्याकडे का वळली, हा प्रश्न त्या वादात मागेच राहिला. सनसनाटी आणि तिचा निषेध, दोन्हींची नजर दृश्यावरच खिळलेली असते. अशा वेळी कामगाराच्या मुलाची ओळख ‘गुन्हेगार’ एवढीच उरते आणि ज्या व्यवहाराने त्याचे काम गेले, तो व्यवहार निर्दोष ठरतो. समीक्षेने तपासायचे ते हेच.