‘नाही मी एकला’ : संघर्ष आणि आत्मकथनातील ‘मी’

उस्मानाबाद येथील ९३ व्या साहित्य संमेलनाचे (२०२०) अध्यक्ष फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांच्या ‘नाही मी एकला’ या आत्मकथनाचे शीर्षकच विचारप्रवर्तक आहे. आत्मकथनाच्या केंद्रस्थानी ‘मी’ असतो. येथे शीर्षकातच त्याचे एकटेपण नाकारले आहे. वसईत बांधकाम व्यवसायाने शेतजमिनीला विक्रीयोग्य वस्तू मानले, तेव्हा धर्मगुरू व ‘सुवार्ता’ मासिकाचे संपादक असलेल्या दिब्रिटोंनी हरित वसई चळवळीतून जमीन, पाणी आणि निर्भय जगण्याचा प्रश्न मांडला. दहशतीला समूहानेच उत्तर देता येते, हा शीर्षकाचा आशय होय. तथापि परवडणाऱ्या छपरासाठी आलेला नालासोपारा-विरारचा रहिवासी या ‘आम्ही’मध्ये सामावतो काय, या निकषावरही प्रस्तुत आत्मकथन तपासणे समीक्षेस आवश्यक ठरते.