पर्यायी शब्द आणि धम्मपदाचे 'नवे' अनुवाद

पालि ग्रंथांचे मराठी अनुवाद वाढत आहेत, ही समाधानाची बाब होय. परंतु आमच्याकडे अभिप्रायार्थ आलेल्या धम्मपदाच्या काही प्रती पाहता, त्यांतील 'नवा अनुवाद' पालिवरून सिद्ध झालेलाच नाही असे दिसते. जुना मराठी अनुवाद समोर ठेवावयाचा आणि त्यातील शब्दाशब्दाला कोशातला पर्याय द्यावयाचा, ही त्यांची रीत. आता या कामी संगणकही हाताशी आला आहे. एका प्रतीत तर जुन्या अनुवादकाने अनवधानाने गाळलेले पद नव्या अनुवादातही गळालेले आढळले. मूळ गाथा समोर असती, तर असे घडते ना.

ही उसनवारी नीतीच्या दृष्टीने कशी आहे, हे पंचशील ग्रहण करणाऱ्यांस आम्ही काय सांगावे? आमची चिंता सिद्धान्ताची आहे.

चित्तवग्गातील ४१ वी गाथा पाहावी. मृत देहाच्या निरुपयोगीपणाचे वर्णन करणाऱ्या या गाथेत देहाला 'अपेतविञ्ञाणो' म्हटले आहे; म्हणजे ज्यातून विज्ञान निघून गेले आहे असा. आजच्या मराठीत 'विज्ञान' शब्दाला प्रयोगशाळेचा वास येतो, म्हणून कोणी तेथे 'चेतना' घातली. पुढच्याने 'चेतने'चे 'चैतन्य' केले, त्यापुढच्याने 'प्राण', आणि आमच्यासमोरील प्रतीत 'आत्मा निघून गेलेला देह' अवतरला! प्रत्येक पायरीवर कोशाचा आधार आहे. शेवटच्या पायरीवर मात्र अनत्तवाद नाहीसा झाला आहे. मज्झिमनिकायातील महातण्हासङ्खयसुत्तात साति नावाच्या भिक्खूची कथा येते. तेच एक विञ्ञाण जन्मोजन्मी फिरते अशी त्याची समजूत होती. भगवंतांनी त्याला कठोर शब्दांत सुधारले आणि विञ्ञाण प्रत्ययांवाचून उत्पन्न होत नाही हे दाखविले. साति निदान 'विञ्ञाण' हाच शब्द वापरीत होता.

पियवग्गात २१६ व्या गाथेत 'तण्हा' शोकाचे कारण ठरते, तर अवघ्या दोन गाथांनंतर, २१८ व्या गाथेत, निब्बाणाविषयी 'छन्द' उत्पन्न झालेल्याचा गौरव होतो. आमच्या अनुवादकांनी दोन्हींसाठी 'इच्छा' हा एकच शब्द योजला आहे. इच्छा त्याज्य की स्तुत्य, असे वाचकाने विचारल्यास त्यांच्यापाशी काय उत्तर आहे?

यावर कोणी म्हणेल की, पालि वाङ्मयातही पर्यायी शब्दांची रेलचेल आहे. आहेच. निद्देसात एकेका पदासाठी पर्यायांच्या माळा आहेत, नेत्तिप्पकरणाच्या सोळा हारांमध्ये 'वेवचनहार' आहे. परंतु तेथे पर्याय मूळ शब्दाभोवती उभे राहतात, त्याला हुसकावून त्याची जागा घेत नाहीत. सुत्तांत तर तेच शब्द पुनःपुन्हा येतात, कारण ते संघाने एकमुखाने म्हणावयाचे होते. पुनरुक्ती हा दोष, हे आम्हांस शाळेतल्या निबंधाने शिकविले.

सोपेपणाला आमचा विरोध नाही. बुद्धवचन छंदस् भाषेत नेण्याची दोन ब्राह्मणकुलोत्पन्न भिक्खूंची विनंती भगवंतांनी नाकारली, हे चुल्लवग्गात नमूद आहे. अरणविभङ्गसुत्तात एकाच भांड्याला निरनिराळ्या जनपदांत पाति, पत्त, सराव अशी नावे असल्याचे सांगून, आपल्याच बोलीचा हट्ट धरू नये असे म्हटले आहे. भांडे हातात असते, म्हणून नाव बदलले तरी चालते. विञ्ञाण असे हातात धरून दाखविता येत नाही. तेथे शब्द हाच आधार.

'बुद्ध आणि त्यांचा धम्म' (१९५७) या ग्रंथात बाबासाहेबांनी शब्दांचे साम्य मूलभूत भेद कसा झाकते, यासाठी एक स्वतंत्र विभागच योजला आहे. पुनर्जन्म आणि आत्म्याचे संक्रमण यांत त्यांनी किती काटेकोर भेद केला, हे आमच्या वाचकांस ठाऊक आहे. त्याच बाबासाहेबांना अर्पण केलेल्या प्रतीत 'धम्म' सर्वत्र 'धर्म' झाला आहे.

संकलकांनी दुसऱ्या आवृत्तीत निदान ४१, २१६ आणि २१८ या गाथा मुळावरून पुन्हा कराव्यात, असे आम्ही त्यांना कळविले आहे.