'रिप्लाय 1988' : गल्लीतील आणि गल्लीबाहेरील वास्तव

नोव्हेंबर 2015 ते जानेवारी 2016 या काळात टीव्हीएन या कोरियन वाहिनीवर 'रिप्लाय 1988' ही वीस भागांची मालिका दाखविली गेली. लेखिका ली ऊ-जुंग, दिग्दर्शक शिन वन-हो. सोलच्या सांगमुन-दोंग भागातील एका गल्लीत वाढलेल्या पाच मित्रांची ही कथा. दॉक्सनचा नवरा कोण, हे कोडे शेवटपर्यंत ताणले आहे. मला तो मालिकेतील सर्वांत किरकोळ भाग वाटतो.

खरी ताकद आहे ती पहिल्याच भागातील जेवणाच्या प्रसंगात. प्रत्येक आई पदार्थाने भरलेले भांडे देऊन मुलांना शेजारी पिटाळते. तेच भांडे दुसरा पदार्थ घेऊन परत येते. इफ्तारीची झाकलेली ताटे घेऊन मोहल्ल्यात धावलेल्या आपल्या वाचकांना हे समजावून सांगायला नको. परंतु ही देवघेव समानांची नाही. मित्राच्या कर्जाला जामीन राहून दॉक्सनच्या वडिलांनी सारे गमावले आहे. त्यांचे कुटुंब जंगह्वानच्या घराच्या अर्धतळघरात राहते, आणि वरच्या घराला लॉटरी लागलेली. उसने मागायला आलेल्या शेजारणीच्या तोंडून शब्द फुटत नाही, तेव्हा घरमालकीण तिला मक्याची कणसे देते. खाली पैशांचे पाकीट असते. गरिबाची अब्रू राखून मदत कशी करावी, हे लेखिकेला नेमके ठाऊक आहे.

बोरा आणि सनऊ यांच्या लग्नाला घरचे विरोध करतात, कारण दोघांचे आडनाव आणि कूळ एकच. अशा विवाहांवरील बंदी तेथील घटनात्मक न्यायालयाने 1997 साली घटनाबाह्य ठरविली. चुलत-मामे नात्यात निकाह होणाऱ्या आपल्या समाजाला हा अडसर अजब वाटेल; सगोत्राचा वाद माहीत असलेल्या आपल्या हिंदू शेजाऱ्यांना नव्हे.

माझी तक्रार वेगळी आहे. बोरा ही आंदोलक विद्यार्थिनी. पोलीस तिला धरायला येतात तेव्हा पावसात आई विनवण्या करते, आईच्या पायाचे रक्त पाहून मुलगी नमते. प्रसंग हेलावून टाकतो. पण बोरा कशासाठी लढत होती, हा प्रश्न त्या पावसात वाहून जातो. ऑलिम्पिकचेही तसेच. दॉक्सन मादागास्करची फलकधारी म्हणून सराव करते, तो देश बहिष्कार टाकतो आणि अखेर तिच्या हाती युगांडाचा फलक येतो. सुंदर विनोद. मात्र त्याच ऑलिम्पिकच्या तयारीच्या काळात, जवळच्याच सांगे-दोंगमध्ये गरिबांची घरे पाडली गेली. किम दोंग-वन यांनी 1988 मध्येच त्यावर 'सांगे-दोंग ऑलिम्पिक' हा माहितीपट केला. मालिकेच्या शेवटी पुनर्विकासासाठी रिकामी झालेली गल्ली पाहून आपण रडतो. सांगे-दोंगच्या लोकांना सामान आवरायलाही अशी निवांत संध्याकाळ मिळाली नव्हती.