क्रमांकापासून आडनावापर्यंत

दोन भरलेल्या घरांचे एक घर होते, मुले भांडतात, शेवटी सगळे एका टेबलाशी जेवायला बसतात. अशा विनोदपटांची आपल्याकडील चर्चा ‘निखळ करमणूक’ या शब्दांपाशी थांबते. मला मात्र त्यांत एक गंभीर प्रश्न दिसतो : या नव्या घरात, गेलेल्या माणसाची जागा कुठे?

१९६८चा ‘युअर्स, माइन अँड अवर्स’ हा मेलव्हिल शेव्हल्सन यांचा चित्रपट कॅलिफोर्नियातील खऱ्या कुटुंबावर बेतलेला आहे. नौदलातील विधुर फ्रँक बिअर्डस्ली यांची दहा मुले, विधवा हेलन नॉर्थ यांची आठ. हेन्री फाँडा आणि लुसिल बॉल यांनी ही जोडी साकारली. घरात फ्रँक जहाजाची शिस्त आणतो : मुलांना क्रमांक, न्हाणीघरांना रंग, झोपायच्या खोल्यांना अक्षरे. हशा पिकतो तो या हिशेबावर.

चित्रपटाचा गाभा मात्र लहानग्या फिलिपपाशी आहे. शाळेत तो बिअर्डस्ली हे आडनाव लावू पाहतो. शिक्षिका कागदोपत्री असलेले ‘नॉर्थ’च लावायला सांगतात. घरात क्रमांकावर भागते, उंबऱ्याबाहेर आडनाव लागते. पुढे पती-पत्नी एकमेकांची मुले दत्तक घेतात. फिलिपला हवे ते मिळते. पण त्याच कागदाने आठ मुलांच्या नावांतून त्यांचा जन्मदाता बाप जातो. प्रत्यक्षातले नॉर्थ नौदलाच्या विमान अपघातात दगावले होते. या किमतीपाशी चित्रपट फारसा रेंगाळत नाही. २००५च्या नव्या आवृत्तीत तर मुलांच्या कारस्थानांचा आणि पसाऱ्याचाच गोंधळ आहे. मुले तितकीच, अठरा, पण दुःख जवळजवळ हद्दपार.

हेच कथाबीज बासू चटर्जींनी ‘खट्टा मीठा’त (१९७८) मुंबईच्या पारशी कुटुंबांत रुजवले. होमी मिस्त्री (अशोक कुमार) यांचे चार मुलगे. नर्गिस सेठना (पर्ल पदमसी) यांचे दोन मुलगे, एक मुलगी. इथे दत्तकाचा कागद कथेच्या मध्यभागी नाही. अडचण मुंबईची, म्हणजे जागेची. मिस्त्री आणि सेठना एकाच छपराखाली भांडतात, रुसतात आणि हळूहळू एकमेकांचे होतात. आधीच्या घराची ओळख टाकून देणे ही आपलेपणाची अट ठरत नाही. म्हणून विनोदाच्या बळावर नव्हे, तर या एका बाबतीत मला हा चित्रपट मूळ कृतीपेक्षा अधिक समंजस वाटतो.

मराठी वाचकाला हा प्रश्न परका नाही. आपल्या पूर्ण नावात मधली जागा बापाची. आईने पुन्हा लग्न केले की शाळेच्या हजेरीपटापासून दाखल्यापर्यंत मुलाला रोज सांगावे लागते, मी कोणाचा. १ मे २०२४पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात आईचेही नाव लावण्याचे राज्य शासनाने ठरवले. त्याने आईला जागा मिळाली, पण दोन बापांचा पेच तसाच राहिला.

या चित्रपटांकडे पाहताना म्हणून मी पाने किती मांडली हे मोजत नाही. मेलेल्या आईचे वा बापाचे नाव त्या पंगतीत मोकळेपणाने घेता येते का, एवढेच पाहतो. जिथे येते, तिथले हसू मला खरे वाटते.