ला व्हिएयेस : साहित्यातील वार्धक्याचा शोध

फ्रेंच लेखिका व विचारवंत सीमॉन द बोव्हार (९ जानेवारी १९०८ – १४ एप्रिल १९८६) हिचा ग्रंथ (१९७०, म. शी. वार्धक्य). ल द्यूझिएम सेक्स (१९४९) या ग्रंथात स्त्रीच्या संदर्भात तिने जी पद्धती अवलंबिली, तीच येथे वृद्धांच्या बाबतीत योजिली आहे. पूर्वार्धात जीवशास्त्र, मानवशास्त्र, इतिहास व समाज यांच्या अंगाने वार्धक्य बाहेरून पाहिले आहे. उत्तरार्धात ते वृद्धाच्या अनुभवातून.

वाङ्‌मयदृष्ट्या उत्तरार्धच महत्त्वाचा. ह्यूगो, शातोब्रीआं, झीद इत्यादींची पत्रे, रोजनिशा व आठवणी तिने साक्षीपुराव्यासारख्या तपासल्या आहेत. आपण म्हातारे झालो, हे माणसाला आतून उमगत नाही. दुसऱ्याच्या नजरेतून ते त्याच्यावर येऊन आदळते, हा तिचा मुख्य निष्कर्ष. प्रूस्तच्या कादंबरीमालेच्या अखेरच्या खंडात (१९२७) निवेदकाला एका समारंभात जुने परिचित सोंगे घेऊन आल्यासारखे भासतात आणि मग स्वतःचेही वय कळते. या प्रसंगाचे तिचे विवेचन मार्मिक आहे. वृद्धांच्या प्रगल्भतेचे गोडवे गाणे हा त्यांना व्यवहारातून दूर सारण्याचा सभ्य मार्ग होय, असे ती मानते. म्हणूनच ह्यूगोच्या उदात्त वृद्धांपेक्षा माँतेन्यचा रोखठोकपणा तिला मोलाचा वाटतो.

मात्र हे साक्षीदार बहुतांशी लेखक व कलावंत आहेत. पूर्वार्धात कष्टकरी वृद्धांचे दैन्य पोटतिडकीने येते, उत्तरार्धात त्यांचा आवाज क्षीण होतो. ज्यांनी लिहून ठेवले त्यांचेच वार्धक्य अभ्यासकाच्या हाती लागते, हे खरे. तरी उणीव उरतेच.

म्हातारा नायक असलेल्या थोर कृती विरळा, असे सांगताना बोव्हारने किंग लीअरचा अपवाद केला आहे. लीअरशी नाते सांगणारे वि. वा. शिरवाडकरांचे नटसम्राट त्याच वर्षी, डिसेंबर १९७० मध्ये, रंगभूमीवर आले, हा योगायोग लक्षणीय आहे. पण आप्पासाहेब बेलवलकर हा नट. त्याच्यापाशी बोलण्यासाठी भाषा आहे. तळेगाव दाभाडे येथे दीर्घकाळ वास्तव्य असलेल्या गो. नी. दांडेकरांची माचीवरला बुधा (१९५८) ही कादंबरी बोव्हारच्या निकषांची अधिक कठोर परीक्षा घेते. मुंबई सोडून त्याच मावळातील राजमाचीच्या परिसरात परतलेला बुधा झाडे, पाखरे व प्राणी यांच्या सोबतीने एकटा राहतो. याला वानप्रस्थ म्हणणे सोपे, पण चुकीचे. तो विरक्त नाही. उतारवयात त्याला नवा लोभ जडला आहे. आयुष्याला अर्थ देणारी उद्दिष्टे अखेरपर्यंत हवीत, हे बोव्हारचे म्हणणे येथे पटते. परंतु तिने सांगितलेली उद्दिष्टे म्हणजे माणसे, समूह, कार्य, बौद्धिक वा सर्जक निर्मिती; डोंगर आणि झाडे त्यांत नाहीत.

अर्थात बुधाही स्वतः लिहीत नाही. कादंबरी प्रसिद्ध झाली तेव्हा दांडेकर बेचाळिशीच्या आसपास होते. हे वार्धक्य तरुणपण नुकतेच ओसरलेल्या लेखकाने कल्पिलेले आहे.